तिसऱ्या घंटेनंतर : इयान होम
(वसंत व्याख्यानमालेतल्या भाषणाचं शब्दांकन)

रसिकहो, नमस्कार.

समोर बसलेल्यांपैकी बरेच जण नाटकात काम करणारे आहात, काही तर कालच प्रयोग करून आलेले दिसताहेत. तुम्हाला वेगळं सांगायला नको. तिसरी घंटा झालेली असते, आपण विंगेत उभे असतो, तळहात ओले झालेले असतात आणि आपलं पहिलं वाक्य काही केल्या आठवत नसतं. पाय रंगमंचावर पडला की ते आपोआप तोंडात येतं. आजवर आलंय, म्हणून आजही येईल, या एका भरवशावर नट आत पाऊल टाकतो.

माझं ते एकदा आलं नाही. तेवीस वर्षांचा होतो. एका स्पर्धेची अंतिम फेरी, दुसरा अंक, आणि एका वाक्यानंतर पुढे नुसता पांढरा पडदा. माझ्या आईचं काम करणाऱ्या बाईंनी उठून माझ्या हातात पाण्याचा पेला दिला आणि विचारलं, "वडिलांच्या पत्राबद्दल सांगत होतास ना रे?" त्या एका प्रश्नानं मला रस्ता सापडला. टेपवर नंतर मोजलं, तर सगळं मिळून आठ सेकंद. ते आठ सेकंद अजून माझ्या अंगात आहेत. म्हणूनच इयान होम हा नट मला इतका जवळचा वाटतो. मी त्याला अरे-तुरे करणार आहे, ते आपलेपणानं.

1976 साल. लंडनचं ऑल्डविच थिएटर. रॉयल शेक्सपिअर कंपनी यूजीन ओनीलचं 'द आइसमन कमेथ' बसवत होती. त्यात हिकी नावाचा एक फिरता विक्रेता आहे. पहिला अंक सरत आला तरी तो येत नाही, गुत्त्यात बसलेली सगळी माणसं त्याची वाट बघत असतात. शेवटच्या अंकात त्याला एक प्रचंड लांबीचं स्वगतासारखं भाषण आहे. हा हिकी इयान होमकडे होता. शुभारंभाच्या आधी तिकडे प्रिव्ह्यूचे प्रयोग होतात. अशाच एका प्रिव्ह्यूत तो भर प्रयोगातून निघून गेला. सापडला तेव्हा मेकअपरूममध्ये अंगाचं मुटकुळं करून पडलेला होता. पुढे त्यानंच सांगितलं की तुरुंगाची दारं एकामागून एक धाडधाड बंद होत जावीत, तसं त्याच्या डोक्यात झालं.

हा कुणी नवखा पोरगा नव्हता. वय पंचेचाळीसच्या घरात, आणि मागे बावीस वर्षांचा रंगमंच.

जन्म 12 सप्टेंबर 1931चा, लंडनला लागून असलेल्या गुडमेजचा. आईवडील स्कॉटिश. वडील मानसोपचारतज्ज्ञ, मनोरुग्णालयाचे अधीक्षक, आई परिचारिका. वडिलांचं आडनाव कथबर्ट, पण रंगभूमीसाठी यानं आईच्या माहेरचं होम घेतलं. 'राडा' या नाट्यशाळेत शिकला आणि 1954 साली शेक्सपिअरच्या गावी, स्ट्रॅटफर्डच्या थिएटरात दाखल झाला, ते हातात भाला धरून मागे उभं राहायच्या कामावर. तिथून एकेक पायरी चढत गेला. उंची साडेपाच फुटांच्या आसपास, म्हणजे राजाच्या भूमिकेसाठी कुणी सहजासहजी विचार करणार नाही अशी चण. पण पीटर हॉल आणि जॉन बार्टन या दिग्दर्शकांनी 1963 साली शेक्सपिअरची ऐतिहासिक नाटकं एकत्र गुंफून केली, त्यात तिसरा रिचर्ड त्याच्याकडे आला. पुढच्याच वर्षी पाचवा हेन्री.

1965 साली याच ऑल्डविचमध्ये हॅरल्ड पिंटरचं 'द होमकमिंग' आलं. त्यातला लेनी होमनं केला. याच भूमिकेनं दोन वर्षांनी त्याला न्यूयॉर्कला टोनी पुरस्कार मिळवून दिला. त्या नाटकाची सुरुवात बघा. लेनी सोफ्यावर वर्तमानपत्र घेऊन बसलाय, हातात पेन्सिल. म्हातारा बाप आत येतो आणि विचारतो, कात्री कुठे ठेवलीस? लेनी उत्तर देत नाही. वाचत राहतो. बाप पुन्हा बोलतो, आणि लेनी वाचतच राहतो. त्या न बोलण्यातून सबंध घर कळतं, त्यातला द्वेष कळतो, कोण कुणाला भितं ते कळतं. पिंटर म्हणायचे की होम माझा जोडा पायात घालतो आणि तो त्याला बरोबर बसतो.

आपल्या तालमींत आपण पॉज, पॉज म्हणतो. पॉज घेणं ही किती अवघड गोष्ट आहे ते करणाऱ्यालाच कळतं, कारण त्या शांततेत पुढचं वाक्य आपल्याजवळ आहे याची पक्की खात्री लागते. होम हा इंग्लंडमधला पॉजचा उस्ताद. आणि नेमक्या त्याच रंगमंचावर अकरा वर्षांनी शांततेनं त्याला गिळलं. बाहेरून दोन्ही सारखंच दिसतं, नट गप्प उभा आहे. पहिल्या वेळी शांतता त्याच्या मुठीत होती, दुसऱ्या वेळी तो तिच्या मुठीत.

असं का होतं? माझ्या समजुतीप्रमाणे पाठांतर हे सायकल चालवण्यासारखं आहे. पाय कसे फिरताहेत इकडे लक्ष दिलं की तोल जातो. नवख्या नटाला प्रेक्षकांची भीती असते. मुरलेल्याला स्वतःचीच वाटू लागते. तो बोलता बोलता स्वतःकडे बघू लागतो, आणि बघितलं की संपलं. लॉरेन्स ऑलिव्हिएसारख्या नटाला साठीजवळ येताना हीच धास्ती लागली आणि काही वर्षं पुरली. शायलॉक करताना माझ्या डोळ्यांत बघू नका, असं तो सहनटांना सांगायचा. ऑलिव्हिए काम सोडून गेला नाही. होम गेला. आपल्याकडे नटाच्या थोरवीची कसोटी म्हणजे काही झालं तरी प्रयोग रद्द न करणं. घरात दुःख असताना तोंडाला रंग लावणाऱ्यांच्या कथा आपण हात जोडून सांगतो, आणि त्या सांगाव्यातच. पण जो थांबला त्याच्याबद्दल आपण कुजबुजतो. हे मला मनापासून खटकतं. ज्याचं हाड मोडलं त्याला आपण विश्रांती घे म्हणतो ना?

1979 साली एका छोट्या थिएटरमध्ये चेखव केला, तेवढा अपवाद सोडला तर तो 1993पर्यंत रंगमंचापासून लांब राहिला. आणि या काळात जगानं त्याला ओळखलं ते कॅमेऱ्यामुळे. कॅमेऱ्यासमोर रिटेक असतो. वाक्य विसरलं तर पुन्हा घेता येतं, आणि एवढ्या एका आधारावर त्यानं काय काय उभं केलं! रिडली स्कॉटच्या 'एलियन'मध्ये तो यानावरचा विज्ञान अधिकारी ॲश आहे. ॲश माणूस नसून यंत्रमानव आहे, हे अर्ध्याहून जास्त सिनेमा झाल्यावर उघड होतं. पुन्हा पाहा आणि फक्त त्याच्याकडे बघा. सगळे घाबरलेले असताना हा किती नेटका, किती शांत, कधीतरी जागच्या जागी उगाच हालचाल करणारा. पुरावा पहिल्यापासून समोर होता, आपल्यालाच दिसला नव्हता.

1981 साली 'चॅरियट्स ऑफ फायर' आला. 1924च्या पॅरिस ऑलिम्पिकची गोष्ट. त्यात होम धावपटू हॅरल्ड अब्राहम्सचा प्रशिक्षक सॅम मुसाबिनी झालाय. हा पैसे घेऊन शिकवणारा माणूस, आणि तो जमाना हौशी खेळाडूंचा, त्यामुळे त्याला स्टेडियममध्ये जागा नाही. शर्यतीच्या वेळी तो जवळच्या हॉटेलच्या खोलीत एकटा आहे. शर्यत त्याला दिसत नाही. खिडकीतून फक्त ध्वजाचे खांब दिसतात. मग ब्रिटनचा झेंडा हळूहळू वर चढतो आणि राष्ट्रगीत ऐकू येतं. तेव्हा त्याला कळतं. डोक्यावरची गवती टोपी काढून तो तिच्यात अशी मूठ मारतो की मूठ आरपार जाते. आणि एवढंच म्हणतो, माझा मुलगा. या कामासाठी त्याला ब्रिटिश अकादमीचा पुरस्कार मिळाला, ऑस्करचं नामांकनही. पण तो प्रसंग पाहताना मला दुसरंच दिसतं. आत खेळ रंगलाय, लोकांचा गलका ऐकू येतोय, आणि ज्यानं सगळी विद्या दिली तो माणूस बाहेर, खिडकीपाशी. पाच वर्षं थिएटरबाहेर राहिलेल्या नटाला त्या खिडकीपाशी काय वाटलं असेल, ते त्याच्या त्या मुठीत आहे असं मी समजतो.

'द लॉर्ड ऑफ द रिंग्स'मधला म्हातारा बिल्बो तर तुमच्या नातवंडांनाही ठाऊक आहे. त्याबद्दल एवढंच सांगतो की वीस वर्षं आधी, 1981 साली, याच कथेवरच्या बीबीसीच्या रेडिओ मालिकेत त्यानं तिचा नायक फ्रोडो याला आवाज दिला होता.

आता 1993. अल्मेडा हे उत्तर लंडनमधलं छोटं थिएटर. पिंटरनं नवं नाटक लिहिलं होतं, 'मूनलाइट'. त्यातला अँडी मरणपंथाला लागलाय, अंथरुणाला खिळलाय, आणि तिथून बायकोवर, गेलेल्या दिवसांवर, जवळ नसलेल्या मुलांवर शब्दांचे वार करतोय. होम परतला तो या भूमिकेतून. जुना, ओळखीचा जोडा. पलंगावरचा माणूस, पळून जायला जागा नाही. ही भूमिका निवडण्यात किती धैर्य होतं याचा मी पुष्कळ विचार केलाय.

आणि मग 1997. लंडनच्या नॅशनल थिएटरमधलं सगळ्यात लहान सभागृह, कॉटस्लो. नाटक 'किंग लिअर', दिग्दर्शक रिचर्ड आयर. आयरनं हे दुखणं अगदी जवळून पाहिलं होतं. 1989 साली त्याच्याच 'हॅम्लेट'मधून डॅनिअल डे-लुईस भर प्रयोगात निघून गेला होता आणि पुन्हा रंगमंचावर आला नव्हता. अशा दिग्दर्शकानं, वीस वर्षांपूर्वी तसाच निघून गेलेल्या नटाच्या हातात लिअर दिला.

आपल्याकडे लिअर म्हटलं की शिरवाडकरांचे अप्पासाहेब बेलवलकर आणि डॉक्टर लागूंचा भरदार आवाज आठवतो. होमचा लिअर तसा नव्हता. छोट्या चणीचा, चटकन भडकणारा, घरच्यांना धाकात ठेवलेला बाप. वादळाच्या प्रवेशात त्यानं अंगावरचे सगळे कपडे उतरवले. पासष्ट वर्षांचं शरीर, आणि प्रेक्षक हाताच्या अंतरावर. लपायला काही म्हणजे काही शिल्लक ठेवलं नाही. या कामाला ऑलिव्हिए पुरस्कार मिळाला, 1998 साली नाइटहूड मिळालं. बीबीसीनं त्याचं दूरदर्शनसाठी चित्रीकरणही केलं, म्हणून तो आपल्याला आजही पाहता येतो.

त्यात मी पुन्हा पुन्हा बघतो तो पहिल्या अंकाच्या शेवटचा छोटासा प्रवेश. थोरल्या मुलीनं अपमान केलाय, लिअर घोड्यांची वाट बघत उभा आहे. सोबत फक्त विदूषक. विदूषक काहीबाही कोडी घालतोय, हा अर्धवट उत्तरं देतोय, लक्ष भलतीकडेच. आणि मध्येच, कुणी विचारलेलं नसताना, तो देवाला विनवतो की मला वेड लागू देऊ नकोस. हे म्हणणारा नट मनोरुग्णालयाच्या अधीक्षकाचा मुलगा. ज्याच्या डोक्यातली दारं एकदा खरोखर बंद झाली होती, तो.

समोरचा विदूषक होता मायकल ब्रायंट. 1965च्या 'होमकमिंग'मध्ये त्यानं लेनीच्या मोठ्या भावाचं काम केलं होतं. आता दोघंही म्हातारे. आणि त्याच्याही आधी, 1959 साली, स्ट्रॅटफर्डला चार्ल्स लॉटननं लिअर केला, तेव्हा त्याच्यासमोर उभं राहून हेच वाक्य ऐकणारा विदूषक होता सत्तावीस वर्षांचा इयान होम.