देवळाच्या दारातला बंदोबस्त

नाशिकच्या जिल्हा न्यायालयात एखाद्या देवस्थानाचा दावा दाखल होतो, तेव्हा त्यासोबत बहुधा निशाणी ५ चा अर्ज असतो आणि त्यात तात्पुरता मनाई हुकूम मागितलेला असतो. पूजा कोणी करायची, दानपेटीची किल्ली कोणाकडे राहायची, उत्सवाची वर्गणी कोणी गोळा करायची, यांवरून एकाच गावचे दोन गट समोरासमोर उभे ठाकलेले असतात. हुकूम हाती पडतो. पण दुसऱ्या दिवशी पहाटे काकड आरतीला जावे, तर गाभाऱ्याला दुसऱ्या गटाचे कुलूप दिसते, आणि मग त्याच न्यायालयात पोलीस बंदोबस्तासाठी आणखी एक अर्ज येतो.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ नुसार, म्हणजे आपल्या अंगभूत अधिकारात, न्यायालय असा बंदोबस्त देऊ शकते. काही पक्षकार मात्र दावा न लावताच उच्च न्यायालयात रिट याचिका करून पोलीस संरक्षण मागतात. केरळमधल्या एका मठाधिपतिपदाच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली ही वाट अडवली. पद कोणाचे, ताबा कोणाचा, याचा निवाडा संरक्षणाच्या याचिकेआडून करून घेता येणार नाही, त्यासाठी दिवाणी न्यायालयातच गेले पाहिजे, असे न्यायालयाने बजावले. हे योग्यच झाले, कारण तसे नसते तर देवस्थानाचा वारस पोलीस ठाण्यातल्या निरीक्षकाने ठरवला असता. त्याच केरळात मलंकारा चर्चच्या दोन पंथांचा वाद सर्वोच्च न्यायालयाने ३ जुलै २०१७ रोजी निकाली काढला, तरी पिरवमच्या चर्चमध्ये त्या निकालाची अंमलबजावणी व्हायला २०१९ चा सप्टेंबर उजाडला, आणि तीही पोलिसांच्या बळावरच झाली.

बंदोबस्त कोणाच्या बाजूने उभा राहतो, हे नाशिकने दोन्ही अंगांनी पाहिले आहे. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला, तेव्हा मंदिराचे दरवाजे बंद होते आणि पोलीस त्या बंद दरवाजांसमोर उभे होते. दर्शन मागणाऱ्यांना अडवणे हीच त्या दिवशीची शांतता मानली गेली, याची वेदना आजही वाटली पाहिजे. पुढे मंदिर प्रवेशासाठी १९५६ चा राज्याचा कायदा आला. त्याच्या आधारे १ एप्रिल २०१६ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने महिलांच्या प्रवेशाच्या हक्काचे रक्षण करणे ही शासनाची जबाबदारी असल्याचे स्पष्ट केले, आणि त्याच महिन्यात त्र्यंबकेश्वरच्या गर्भगृहात काही महिलांनी पोलिसांच्या संरक्षणात दर्शन घेतले.

आज जिल्ह्यातल्या लहान देवस्थानांची अडचण निराळी आहे. विश्वस्त बदलले की धर्मादाय कार्यालयात महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियमाच्या कलम २२ खाली बदल अर्ज द्यावा लागतो. तो प्रलंबित असेपर्यंत दोन्ही गट स्वतःला विश्वस्त म्हणवतात, यात्रेच्या तोंडावर दोघेही ठाण्यात अर्ज देतात आणि पोलीस दोघांनाही भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६८ ची, म्हणजे गुन्हा घडू नये म्हणून आधीच ताकीद देणारी, नोटीस बजावून मोकळे होतात. म्हणून हे बदल अर्ज यात्रेपूर्वीच निकाली निघायला हवेत. बंदोबस्त द्यायचाच असेल, तर कुलूप कोणाच्या समक्ष काढायचे, दानपेटीचा पंचनामा कोणी करायचा आणि पोलीस किती दिवस थांबायचे, हे न्यायालयाने आदेशातच लिहून द्यावे.