महेश्वर : वापरातले गाव

नमस्कार श्रोतेहो.

आज सकाळी इंदुरात आपल्यापैकी बहुतेकांच्या नळाला जे पाणी आले, ते मुळात नर्मदेचे आहे. मंडलेश्वरजवळच्या जलूद येथे ते उचलले जाते आणि सत्तरेक किलोमीटरची वाट व विंध्याची चढण पार करून आपल्या टाक्यांत येऊन पडते. ही योजना 1978 च्या सुमारास सुरू झाली आणि तेव्हापासून या शहराची तहान नर्मदेने सांभाळली आहे. जलूदला जे पाणी उचलले जात नाही, ते मंडलेश्वराच्या घाटांना लागून पश्चिमेकडे वाहते आणि थोड्याच अंतरावर महेश्वरच्या पायऱ्यांशी पोहोचते. आजच्या भाषणात मला या महेश्वराविषयी बोलायचे आहे.

आपण इंदूरची मराठी माणसे महेश्वरला जातो, नाही असे नाही. पाहुणे आले की गाडी काढतो, किल्ला पाहतो, नावेतून एक फेरी मारतो, दोन साड्या घेतो आणि दिवेलागणीच्या आत घरी परततो. नव्वद किलोमीटरवरच्या गावी मुक्काम कशाला करायचा, असे आपल्याला वाटते. माझे म्हणणे एवढेच आहे की महेश्वर हे वापरातले गाव आहे आणि वापरातली वस्तू धावत्या भेटीत कळत नाही. पुन्हा सांगते, महेश्वर हे वापरातले गाव आहे.

माळव्याचे पठार संपवून आपण घाट उतरतो आणि निमाडात शिरतो, तेव्हा हवा बदलते, माती बदलते, कापसाची आणि मिरचीची शेते लागतात आणि लोकांच्या बोलण्यात निमाडी येते. खरगोन जिल्ह्यातले हे गाव नर्मदेच्या उत्तर तीरावर वसले आहे. किल्ल्याच्या भिंतीपासून पाण्यापर्यंत दगडी पायऱ्या उतरत गेल्या आहेत आणि गावाचा अर्धा दिवस या पायऱ्यांवर जातो. एका टोकाला बायका धुणे धूत असतात, त्यांच्यापासून चार हातांवर कोणी पितरांना पाणी देत असतो, नावाडी नावेतले पाणी उपसत असतात आणि मुले पोहायला शिकत असतात. नदी उजव्या हाताला ठेवून पूर्वेकडे चाललेले परिक्रमावासी इथे कमंडलू भरून घेतात. परिक्रमेत पात्र ओलांडायचे नसते, म्हणून ते नावेत बसत नाहीत आणि प्रवाहाच्या मधोमध उभ्या असलेल्या बाणेश्वराला पायरीवरूनच हात जोडतात. त्यांच्यात मराठी बोलणारे पुष्कळ असतात. घाटावर कुणी ‘नर्मदे हर’ म्हटले की धुणे धुणारी बाईही मान वर न करता ‘हर’ म्हणून उत्तर देते.

इतिहास आपल्याला ठाऊक आहे, तेव्हा तो थोडक्यात सांगते. 1767 साली राज्याची सूत्रे हाती आल्यावर अहिल्याबाईंनी या गावी राजधानी केली आणि 13 ऑगस्ट 1795 रोजी त्या इथेच निवर्तल्या. पुढे 1818 साली मंदसोरचा तह झाला आणि होळकरांची राजधानी इंदूरला आली. अहिल्याबाईंच्या अठ्ठावीस वर्षांच्या कारभारात पेशव्यांचे वकील इथून पुण्याला बातमीपत्रे धाडीत आणि काशीपासून रामेश्वरापर्यंतच्या घाटांची, धर्मशाळांची, अन्नछत्रांची व्यवस्था इथून पाहिली जाई. त्याहीपूर्वीची वस्ती पाहायची असेल तर समोरच्या तीरावरील नावडाटोली बघावी. पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकळिया आणि बडोद्याच्या विद्यापीठातील संशोधक यांनी 1952-53 मध्ये इथे उत्खनन सुरू केले. त्यातून साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या शेतकऱ्यांची घरे आणि रंगीत नक्षीची भांडी उजेडात आली.

किल्ल्यातील अहिल्याबाईंचा वाडा मात्र सावकाश पाहावा. आपल्या इंदूरच्या सात मजली राजवाड्यापुढे तो अगदी बुटका वाटतो. लाकडी खांब, मोकळा चौक, बसायची गादी एवढाच त्याचा थाट आहे. सुखवस्तू देशस्थाच्या घरीही याहून मोठा वाडा असू शकला असता. शाळांच्या सहलींनी आधी हा वाडा पाहावा आणि मगच इतर राजवाडे पाहावेत, असे माझे ठाम मत आहे, कारण सत्ता किती थोड्या जागेत मावू शकते हे मुलांना लहानपणीच दिसले पाहिजे.

आणि आता मागाकडे वळते. अहिल्याबाईंनी बाहेरून विणकर आणवून त्यांना इथे वसवले, ही परंपरेने चालत आलेली माहिती आपण ऐकलेलीच असते. रेशमी ताणा म्हणजे उभे धागे आणि सुती बाणा म्हणजे आडवे धागे, काठावर विटा, चटई, लाटा, हिरा अशी किल्ल्याच्या आणि घाटाच्या दगडांवरून उचललेली नक्षी, आणि पदरावर पाच पट्टे, त्यांतले तीन रंगीत व दोन पांढरे, ही महेश्वरी साडीची ओळख आहे. विसाव्या शतकात हा धंदा बराच खालावला होता. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस रेहवा ही संस्था उभी राहिली आणि गावातल्या बायका मोठ्या संख्येने मागावर बसू लागल्या. ही सारी माहिती मला फार पूर्वीपासून होती, परंतु महेश्वरी साडी म्हणजे नेमके काय, हे मला माझ्या आत्याबाईंमुळे कळले. तो प्रसंग सांगते.

आत्याबाई रामबागेत राहतात. त्यांच्या आईचे एक नऊवारी महेश्वरी लुगडे होते. त्याचे अंग झिजून विरले, त्याची दुपटी झाली, पण काठ शाबूत राहिला आणि आत्याबाईंनी तो ट्रंकेत मलमलीत गुंडाळून ठेवला होता. नातीचे लग्न मार्गशीर्षात ठरले, तेव्हा नातीच्या अंगावर याच काठाची साडी हवी, असे त्यांनी मनाशी पक्के केले. ज्येष्ठातल्या एका दिवशी तो काठ पिशवीत घालून त्या मला घेऊन निघाल्या. दुकानात जायचेच नाही, थेट मागावर जायचे, असे त्यांनी गाडीतच बजावले होते.

विचारत विचारत आम्ही एका गल्लीत पोहोचलो. दोन्ही बाजूंच्या घरांतून मागांची खटखट ऐकू येत होती. एका घराच्या ओसरीवर एक वृद्ध विणकर चाचा बाजेवर बसले होते आणि आत त्यांचा मुलगा व सून मागावर होते. आत्याबाईंनी काठ त्यांच्या हातात दिला. चाचांनी चष्मा लावला नाही. त्यांनी काठ आधी उलटा केला, मागची बाजू बोटांनी चाचपली, पुन्हा सुलटा केला आणि म्हणाले, “बाई, हा बुगडी काठ आहे, दोन्ही अंगांनी सारखा. एक बाजू उन्हाने उतरली की लुगडे फिरवून नेसायचे, म्हणजे त्याचे आयुष्य दुप्पट.” आत्याबाई लगेच म्हणाल्या, “आई तसेच नेसत असे.” महेश्वरीच्या दोन्ही बाजू सारख्या का असतात, याचे उत्तर मला तेव्हा मिळाले. ते उत्तर घरखर्चाचे होते, शोभेचे नव्हते. (जाता जाता सांगते, ही साडी घरीच रिठ्याच्या पाण्यात हलक्या हाताने धुवावी आणि सावलीत वाळवावी. यंत्रात तर ती कधीच टाकू नये.)

काठ विणता येईल, असे चाचा म्हणाले, पण एक साडी विणता येणार नाही. आत्याबाईंना हे पटेना. एका साडीचे पैसे दुप्पट घ्या, असेही त्या म्हणाल्या. तेव्हा चाचांनी आम्हांला आत नेले आणि माग दाखवला. फणीच्या प्रत्येक घरातून रेशमाचा धागा ओवलेला होता. हजारो धागे एकेक करून जोडायचे, तुळईवर ताणून घ्यायचे, हे काम अनेक दिवसांचे असते. ते एका साडीसाठी कोणी करत नाही. एक ताणा लागला की त्यावर दहा-बारा साड्या निघतात आणि तेवढ्या निघाल्या तरच विणकराच्या घरी चूल नीट पेटते. मुलाने डॉबीच्या, म्हणजे मागावर नक्षी उठवणाऱ्या यंत्रणेच्या, लाकडी पट्ट्याही दाखवल्या. काठाची नक्षी आधी चौकटीच्या कागदावर उतरवायची, मग तिच्याप्रमाणे पट्ट्यांत खुंट्या ठोकायच्या. एक खुंटी चुकली तर संपूर्ण काठभर ती चूक पुन्हा पुन्हा उमटते.

आत्याबाई ओसरीवर येऊन बसल्या. थोडा वेळ गप्प राहिल्या. मग त्यांनी मला फोन लावायला सांगितले. देवासच्या भाचीला, धारच्या जाऊबाईंना, ग्वाल्हेरच्या मावसबहिणीला, बडोद्याच्या धाकट्या सुनेला, अशा एकेकीला त्या विचारू लागल्या, “आईच्या लुगड्याचा काठ विणतो आहोत, तू एक घेशील ना?” शिंदे, पवार, गायकवाड, होळकर यांच्या गावी विखुरलेले एक मराठी घराणे त्या दुपारी निमाडातल्या एका ओसरीवरून गोळा होत होते. कुणी लगेच हो म्हणाले, कुणी किंमत विचारली, कुणी तो काठ अजून आहे हे ऐकून रडले. खरी अडचण रंगाची आली. ग्वाल्हेरला जांभळा हवा होता, धारला अंगुरी, बडोद्याला तपकिरी आणि नातीला डाळिंबी.

चाचा बाजेवरून ऐकत होते. ते म्हणाले, “ताणा डाळिंबी लावू. बाणा ज्याचा त्याचा.” श्रोतेहो, हे नीट ऐका, कारण महेश्वरीचे सारे सौंदर्य इथे आहे. उभे धागे सगळ्या साड्यांना एकच, आडवे धागे प्रत्येकीचे निराळे. डाळिंबीवर जांभळे सूत पडले की एक छटा निघते, अंगुरी पडले की साडी हलवताना दोन रंग आळीपाळीने चमकतात. ताणा एक, बाणा निराळा, आणि काठ सगळ्यांना तोच. अशा रीतीने संध्याकाळपर्यंत अकरा साड्या ठरल्या. बारावी चाचांच्या सुनेने स्वतःसाठी धरली.

एवढे होईपर्यंत मगरिबची वेळ झाली. चाचा नमाजला गेले आणि आम्ही घाटावर गेलो. परतायला उशीर झाला होता, म्हणून धर्मशाळेत राहिलो. मुक्काम घडला म्हणून नर्मदेची आरती दिसली आणि राजराजेश्वराच्या मंदिरातले अकरा अखंड दिवे निवांत पाहता आले. दुसऱ्या दिवशी सकाळी किल्ल्यात लिंगार्चन पाहिले. ब्रह्मवृंद मातीची इवलीइवली शिवलिंगे करतात, प्रत्येकात तांदळाचा एक दाणा ठेवतात, पूजा होते आणि मग ती सारी नर्मदेत सोडली जातात. अहिल्याबाईंच्या काळापासूनचा हा नेम अजून चालू आहे. त्या लिंगांची माती नदीचीच असते आणि नदीलाच परत जाते. सध्या घाटावरून प्लास्टिकच्या द्रोणांतले दिवे सोडले जातात, ते थांबले पाहिजेत. पानांचे द्रोण त्याच घाटावर विकायला असतात, तेच घ्यावेत.

निघण्यापूर्वी आत्याबाई पुन्हा त्या ओसरीवर गेल्या. चाचांना नमुना हवा होता. मी मोबाईलवर काठाची छायाचित्रे काढून दिली, पण चाचांनी मान हलवली. छायाचित्रात धागे मोजता येत नाहीत आणि उलटी बाजू दिसत नाही. आत्याबाईंनी त्यांच्याकडून कात्री मागून घेतली, आईच्या काठाचा वीतभर तुकडा स्वतःच्या हाताने कापला आणि त्यांच्या हातावर ठेवला. कापताना त्यांचा हात जराही थरथरला नाही.

मग पावसाळा आला. ओंकारेश्वरच्या धरणातून पाणी सोडले की महेश्वरात नदी पायऱ्या चढत वर येते, नावा उंच ओढून बांधतात आणि घाटाचा मोठा भाग पाण्याखाली जातो. त्या वर्षी सतत झड होती, रंगवलेले सूत वाळेना आणि काम आठवडेच्या आठवडे खोळंबले. आत्याबाईंचे रोज फोन जाऊ लागले. चाचांचे उत्तर ठरलेले असे, “ऊन पडू द्या, बाई.” शरदातले ऊन पडल्यावर माग सुरू झाला आणि दिवाळीनंतर साड्यांचे गाठोडे रामबागेत आले. आत्याबाईंनी जुना काठ नव्यावर ठेवून पाहिला, चाचांसारखाच आधी उलटा करून पाहिला, आणि मग नातीला हाक मारली. तो नमुन्याचा तुकडा अजून चाचांच्या वहीत टाचलेला आहे. त्यावर त्यांच्या मुलाने पेन्सिलीने ‘इंदूरवाली बाई’ असे लिहिले आहे आणि त्या काठाच्या साड्या ते आता इतरांसाठीही विणतात.

श्रोतेहो, वेळ संपत आली आहे, तेव्हा कामाचे तेवढे सांगते. महेश्वरला कार्तिकापासून माघापर्यंत जावे, कारण चैत्र-वैशाखात निमाडचे ऊन सोसवत नाही. माघ शुद्ध सप्तमीला नर्मदा जयंती असते, त्या दिवशी गर्दी होते, पण जमल्यास तीही पाहावी. एक रात्र राहावे. सहस्रधारेला, जिथे नदी खडकांतून अनेक धारांनी फुटून वाहते, तिथे पाय घसरतो, मुलांचा हात धरावा. आणि आपल्या घरातील ट्रंकांमध्ये आजीच्या, पणजीच्या महेश्वरी लुगड्यांचे काठ पडून असतील, तर ते बाहेर काढून एकदा उन्हात धरावेत आणि जाताना बरोबर न्यावेत. छायाचित्र नव्हे, प्रत्यक्ष काठ न्यावा. मागावर बसलेल्या माणसाला तो हातात घेऊन उलटून पाहायचा असतो.

नमस्कार.