खिशातली काळी वही

नमस्कार श्रोतेहो.

घर विकायचं म्हटलं की हल्ली एजंट आधी फोटो मागतो. हॉल, स्वयंपाकघर, बाल्कनीतून दिसणारं थोडंसं आकाश. २०२५ च्या ऑगस्टमध्ये अर्जेंटिनातल्या मार देल प्लाता या समुद्रकाठच्या शहरातलं एक घर असंच विकायला निघालं होतं. नेदरलँड्समधल्या एका वर्तमानपत्राचे पत्रकार त्या घराच्या मागावर होते. बेल वाजवली, दार कुणी उघडलं नाही, पण बाहेर ‘विकणे आहे’ची पाटी दिसली. मग त्यांनी नेटवरची जाहिरात उघडली. एका फोटोत हिरवा सोफा, आणि सोफ्याच्या वर भिंतीवर एका स्त्रीचं जुनं तैलचित्र. ज्युझेप्पे गिस्लांदी या इटालियन चित्रकाराचं. ऐंशी वर्षं हरवलेल्यांच्या यादीत होतं ते!

घर होतं फ्रीड्रिख काडगिनच्या कुटुंबाचं. हा काडगिन म्हणजे हिटलरच्या उजव्या हाताचा, हेरमान गोरिंगचा, पैशाचे व्यवहार पाहणारा माणूस. युद्धानंतर तो दक्षिण अमेरिकेत पळाला आणि तिथेच मेला. पोलीस त्या हॉलमध्ये पोचले तेव्हा सोफ्यावरच्या भिंतीवर चित्राच्या जागी नक्षीचं एक कापड टांगलेलं होतं.

चित्र मूळचं कुणाचं, ते आता सांगतो. मालकाचं नाव झाक खाउडस्टिकर. नाव जरा जड आहे, आणि डच माणसं त्यातला ‘ग’ घशातून काढतात, म्हणून मी ‘ख’ म्हणतोय. ॲमस्टरडॅममध्ये हेरेनग्राख्त या कालव्याकाठी त्यांची पेढी होती. जुन्या डच आणि इटालियन चित्रांचे हे ज्यू व्यापारी, पण निव्वळ विकणारे नव्हेत, जीव लावून जमवणारे. फेख्त नदीकाठी नायेनरोडे नावाचा किल्लाही त्यांनी घेतला होता. तिथे ते मेजवान्या देत, गाणं ठेवत. अशाच गाण्याच्या निमित्ताने व्हिएन्नाच्या गायिका देसी त्यांच्या आयुष्यात आल्या.

१० मे १९४० ला जर्मन फौजा नेदरलँड्समध्ये घुसल्या. नेमक्या त्याच दिवसांत, आपल्यामागे धंदा सांभाळायला खाउडस्टिकरनी नेमलेला माणूस हृदयविकाराने गेला. १४ मे रोजी झाक, देसी आणि त्यांचा तान्हा मुलगा एडो एयमाउडन बंदरातून ‘बोडेग्रावेन’ बोटीवर चढले. शेवटच्या काही बोटींपैकी ही एक. विमानांच्या भीतीने बोटीवर एक दिवा नव्हता. रात्री झाक वर डेकवर गेले, अंधारात उघड्या झाकणातून खाली माल ठेवायच्या तळघरात पडले आणि मान मोडून जागच्या जागी गेले. बॉम्बमधून सुटलेला माणूस असा गेला. इंग्लंडमध्ये फालमथला त्यांना पुरलं.

त्यांच्या खिशात एक छोटी काळी वही सापडली. सुटी पानं अडकवलेली, अक्षरवारीने लावलेली. त्यात पेढीतल्या १११३ चित्रांची नोंद होती. लोक जीव घेऊन पळताना दागिने घेतात, रोकड घेतात. यांनी यादी घेतली. व्यापाऱ्याचा हात, दुसरं काय! देसींनी ती वही जपून ठेवली.

इकडे जुलै संपायच्या आत सगळा माल ‘विकला’ गेला. या शब्दापाशी मला जरा थांबायचंय. पॅरिसमध्ये नाझींनी ज्यू संग्राहकांची घरं सरळ जप्त केली, चित्रं झ्यू द पोम या संग्रहालयात नेऊन ओतली. तिथे रोझ व्हालां नावाची एक फ्रेंच कर्मचारी, आपल्याला जर्मन कळत नाही असं भासवून, काय कुठे चाललंय ते गुपचूप टिपत राहिली. ॲमस्टरडॅममध्ये मात्र खरेदीखत झालं. गोरिंगने वीस लाख गिल्डर, म्हणजे तेव्हाचं डच चलन, मोजून चित्रं घेतली, आणि आलोईस मीडल नावाच्या जर्मन व्यापाऱ्याने साडेपाच लाखांत पेढी, किल्ला आणि खाउडस्टिकर हे नावसुद्धा. सह्या पेढीतल्या नोकरांच्या. मालकाच्या विधवेची संमती नाही. कागद मात्र चोख, आणि पुढे साठ वर्षं तोच कागद या कुटुंबाच्या आड आला.

कारण युद्धानंतर दोस्त राष्ट्रांना गोरिंगच्या साठ्यात यातली तीनशेच्या आसपास चित्रं मिळाली. ती नेदरलँड्स सरकारकडे आली, मालकाला परत द्यायला म्हणून. सरकारने ती आपल्याच संग्रहालयांत लावली. देसी १९४६ मध्ये परत आल्या, तर अधिकारी म्हणाले, विक्री झालीय ना रीतसर? १९५२ मध्ये त्यांनी कंटाळून तडजोड केली. चोरी नाझींनी केली हे खरं, पण माल घरात ठेवून घेणाऱ्याला काय म्हणायचं?

देसींनी पुन्हा लग्न केलं, मुलाचं आडनाव बदललं. १९९६ मध्ये मायलेक दोघंही गेले. पुढच्या वर्षी एका डच पत्रकाराने एडोच्या पत्नीला, मारेय फोन साहेर यांना, गाठलं, तेव्हा आपल्या सासऱ्यांचं केवढं काय गेलंय ते त्यांना उमगलं. या बाई मूळच्या जर्मन, बर्फावर स्केटिंग करणाऱ्या. चित्रांशी कधी संबंध नाही. पण हाताशी वही होती. आपल्याकडे भांड्यांवर नाव कोरतात ना, म्हणजे शेजारी गेलेली वाटी वर्षानेही ओळखू येते? तसं त्या चित्रांच्या पाठीवर पेढीचं लेबल असायचं. लेबल आणि वही जुळली की बोलणं खुंटलं. फेब्रुवारी २००६ मध्ये डच सरकारने २०२ चित्रं परत केली. त्यांतली बरीच पुढे विकली गेली, वकिलांची बिलं का थोडी होती? सालोमोन फान राइसडालचं १६४९ सालचं नदी पार करणाऱ्या नावेचं चित्र आज वॉशिंग्टनच्या नॅशनल गॅलरीत आहे. क्रानाख या जुन्या जर्मन चित्रकाराचे ॲडम आणि ईव्ह मात्र अमेरिकेतल्या पॅसाडिनाच्या संग्रहालयातच राहिले. अमेरिकन कोर्टात तो दावा मारेय हरल्या.

जाता जाता एक आठवण आपल्या मुंबईची. देसींच्याच व्हिएन्नातून इमॅन्युएल श्लेसिंगर नावाचे गृहस्थ नाझींपासून पळून मुंबईला आले होते. नवख्या आरा, हुसेन यांची चित्रं कुणी विचारत नसताना ती विकत घेणाऱ्यांत ते होते. सगळं मागे टाकून आलेला माणूस परक्या गावात भिंतीवर लावायला पुन्हा चित्रं घेतो, याचं मला फार नवल वाटतं.

आणि ते मार देल प्लाताचं चित्र? त्याच वर्षी सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात काडगिन कुटुंबाच्या वकिलामार्फत अर्जेंटिनाच्या सरकारकडे आलं. काळी वही ॲमस्टरडॅमच्या शहर दफ्तरखान्यात आहे. तिच्यातली शेकडो चित्रं अजून कुणाच्या तरी भिंतीवर आहेत.

नमस्कार.