मोजणीच्या दिवशी वावरात थांबा

(शिंदखेडा तालुक्यातल्या एका गावात शेतकऱ्यांसमोर झालेल्या व्याख्यानाचा संपादित भाग)

भावांनो, ताईंनो,

मनमाड-इंदूर रेल्वेला 2024 मध्ये मंजुरी मिळाल्यापासून जमिनी जाणार म्हणून आपल्याकडे एकच प्रश्न ऐकू येतो, "आप्पा, भाव काय भेटेल?" भावाचं सांगतोच. पण आधी मोजणीचं बोलू. भाव नंतरही भांडून वाढवता येतो. मोजणीच्या कागदावर जे चढलंच नाही, त्याचे पैसे मागताना फार दमछाक होते.

माझ्या वडिलांची सव्वा एकर जमीन कालव्यात गेली. संयुक्त मोजणी, म्हणजे सरकारी खात्यांनी मिळून केलेली जाणाऱ्या जमिनीची मोजणी, झाली त्या दिवशी वडील बाजाराला गेले होते. वावरात पन्नास फुटी बांधीव विहीर होती, दोन एकर भिजवायची. पंचनाम्यात तिची नोंद झाली "खड्डा, कोरडा". खाली दोन पंचांच्या सह्या, त्यातला एक आमचाच भाऊबंद. वडिलांनी ती नक्कल पत्र्याच्या पेटीत जपून ठेवली होती. कोणी आलं की त्या शब्दावर बोट ठेवून म्हणायचे, "ती हीर व्हती भो, खड्डा नही." मी वकिली शिकलो ती त्या कागदापायी.

म्हणून मोजणीची नोटीस आली की घरातलं एक शहाणं माणूस दिवसभर वावरात हवं. विहीर, बोअर, जमिनीखालची पाइपलाइन, ठिबक, गोठा, बांधावरचा आंबा, सगळं बोट दाखवून लिहून घ्या. फळझाडांची संख्या आणि वय लिहा. सातबाऱ्यावर विहीर आहे का, पीकपाहणीत केळी लागली आहे का, हे आजच बघा. पंचनामा चुकीचा वाटला तर सही करताना हरकत तिथेच लिहा आणि नक्कल मागा. जानेवारी 2018 मध्ये विखरणच्या एका वृद्ध शेतकऱ्याने मोबदल्यासाठी हेलपाटे घालून शेवटी मंत्रालयात विष घेतलं. त्या मोबदल्यात त्यांच्या आंब्याच्या झाडांचाही वाद होता. ते मला विसरता येत नाही.

आता कायदा. मालमत्तेचा मूलभूत हक्क 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने गेला, पण कलम 300-अ राहिलं: कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कलमाचा अर्थ उलगडून सांगितला. नोटीस द्या, म्हणणं ऐका, कारणांसह निर्णय द्या, सार्वजनिक कामासाठीच घ्या, वाजवी मोबदला द्या, असं त्यात आहे.

2013 चा भूसंपादन कायदा 1 जानेवारी 2014 पासून लागू आहे. प्राथमिक अधिसूचना, म्हणजे जमीन घेण्याची पहिली सरकारी जाहीर सूचना, निघाली की हरकतीला 60 दिवस. राष्ट्रीय महामार्गाचा कायदा वेगळा, तिथे फक्त 21 दिवस मिळतात आणि मोबदल्याचा वाद लवादापुढे जातो. त्यामुळे नोटीस कोणत्या कायद्याखाली आली, हे आधी वाचा.

भाव ठरवताना रेडीरेकनर, म्हणजे जमिनीचे सरकारी दरपत्रक, बघतात, तसेच आसपासच्या सारख्या जमिनींचे मागच्या तीन वर्षांतले व्यवहारही बघतात. त्या व्यवहारांपैकी जास्त किमतीच्या अर्ध्यांची सरासरी काढतात. आणि इथेच आपण आपल्या पायावर धोंडा पाडून घेतलाय. मुद्रांक शुल्क वाचवायला खरेदीखतात कमी किंमत लिहिली, ती आता सगळ्या गावाच्या मोबदल्याला आडवी येते. ठरलेल्या मोबदल्यावर तेवढीच, म्हणजे शंभर टक्के, दिलासा रक्कम मिळते. शिवाय अधिसूचनेपासून निवाडा (मोबदला ठरवणारा अधिकाऱ्याचा निर्णय) किंवा ताबा, यात जे आधी होईल तोवर, बाजारभावावर वर्षाला 12 टक्के.

थेट खरेदीत, म्हणजे निवाड्याऐवजी संमतीने जमीन विकत घेताना, सरकारी माणसं जास्तीचे टक्के देऊ म्हणतात. घ्या, पण विचार करून. संमतीने खरेदीखत झालं की वाढीव मागणीचा रस्ता बहुतेक बंद होतो. निवाड्याचे पैसे मात्र "हक्क राखून स्वीकारले" असं लिहून उचला. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर वाढीसाठी अर्जाला सहाच आठवडे असतात.

आणखी एक. शेजाऱ्याने अर्ज केला, त्याला वाढ मिळाली आणि तुम्ही गप्प बसलात, तरी त्या निकालापासून तीन महिन्यांत तुम्हालाही फेरनिश्चितीचा अर्ज करता येतो. हे गावात फार थोड्यांना माहीत असतं.

आता ज्यांनी उतारे आणलेत त्यांनी पुढे या. ज्यांच्या उताऱ्यावर अजून वारलेल्या आजोबांचंच नाव आहे, ते आधी.