टक्का कळला, पाणी कसं आहे?

मंडळी, ऑगस्ट लागला की आपल्याकडं जो भेटेल तो एकच विचारतो, नाथसागर, म्हणजे पैठणचं जायकवाडी धरण, किती टक्के भरलं? विचारणारच. 2016 साली लातूरकरांना मिरजेहून रेल्वेनं पाणी आणून द्यावं लागलं, ते कोण विसरेल? पण ते पाणी कसं आहे, हे मात्र मी कुणाला विचारताना ऐकत नाही. आज मला तेवढंच बोलायचं आहे.

आधी तो टक्का समजून घेऊ. जायकवाडीत एकूण 2909 दलघमी (दशलक्ष घनमीटर) पाणी मावतं. त्यातलं 2171 जिवंत साठ्याचं, म्हणजे धरणातून सोडता येणारं, आणि उरलेलं 738 मृतसाठ्याचं, म्हणजे दारांच्या खाली तळाशी राहणारं. पेपरात छापून येतो तो टक्का जिवंत साठ्याचा. म्हणजे शून्य टक्के झाले तरी धरणात पाणी असतं आणि पिण्याची भिस्त त्यावरच येते. पण हे तळाचं पाणी असतं, उन्हानं तापलेलं आणि गाळाला टेकलेलं.

नाथसागर परातीसारखा पसरट आहे. पाणी थोडं खाली गेलं की केवढी तरी जमीन उघडी पडते. तिथं गाळपेर होते. काळीभोर ओल असते, पीक झकास येतं, आणि ज्यांची रानं धरणात गेली त्यांनी तिथं पेरलं तर त्यांना बोल लावायला माझी जीभ रेटत नाही. पण त्या पिकालाही खत पडतं, फवारणी होते, आणि पुढच्या पावसाळ्यात पाणी त्याच रानावर चढतं. वरच्या गावांचं सांडपाणीही गोदावरीतून इथंच येतं. पिकाला लागणारं नत्र-स्फुरद शेवाळालाही लागतं, म्हणून उन्हाळ्यात पाण्यावर हिरवा तवंग धरतो. हे शेवाळ दिवसा प्राणवायू सोडतं आणि रात्री ओढून घेतं. म्हणून पहाटे मासे वर येऊन तोंडं उघडताना दिसतात. जाळं टाकणाऱ्या भोयांना हे प्रयोगशाळेच्या आधी कळतं. त्यांना विचारायला मात्र कुणी जात नाही.

यातली काही निळी-हिरवी शेवाळं विषारी असतात. पाणी उकळलं की जंतू मरतात, पण हे विष उकळून जात नाही. तवंग धरलेल्या काठाला जनावरं पाजू नका, पोरं उतरवू नका. हे घरी जाऊन सांगाच.

नाथषष्ठीला पैठणला लाखो वारकरी गोदेत उतरतात. आंघोळीच्या पाण्याचा सरकारी निकष आहे: 100 मिलिलिटर पाण्यात विष्ठेतले जिवाणू 500 पर्यंत असावेत, फार तर 2500. शिवाय विरघळलेला प्राणवायू लिटरला किमान 5 मिलिग्रॅम हवा. आजचा आकडा काय आहे, हे सांगणारी पाटी मी तरी कुठल्या घाटावर पाहिलेली नाही. अभयारण्यात पाखरं बघायला जाणाऱ्यांना फलक भेटतात, पाण्यात उतरणाऱ्याला नाही.

आता गावच्या तलावांकडं येतो. मी पोहायला शिकलो ते आमच्या पाझर तलावात, पाठीला भोपळा बांधून. तेव्हा तळ पायाला हळूहळू लागायचा आणि हळूहळूच सुटायचा. आता ‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ योजनेत गाळ निघतो. चांगलं काम आहे, आमच्या बरड रानावर तो गाळ पडला आणि हरभरा उभा राहिला. पण पोकलेन जिथं गाळ मऊ लागेल तिथं खोल जातं आणि खड्ड्याच्या कडा भिंतीसारख्या उभ्या राहतात. पाणी आलं की वरून सगळं सारखंच दिसतं. गुडघाभर पाण्यातला पोरगा पुढचं पाऊल टाकतो आणि डोक्यावर पाणी जातं. आमच्या गावचा एक मुलगा असाच गेला, पोळ्याला बैल धुताना. त्याला पोहता येत होतं. पाय गाळात रुतला होता.

म्हणून जूनच्या आधी, मशिन परत जायच्या आत, त्याच मशिननं कडा उतरत्या करून घ्या. दोन तासांचं डिझेल लागेल. जिथं खड्डा राहिलाच तिथं बाभळीची दांडकी रोवा, वरची हातभर तांबड्या रंगानं रंगवा, म्हणजे पाणी चढलं तरी ती दिसतील. आमच्या तलावात अशी अकरा आहेत. ती रोवायला त्या मुलाचे वडील सगळ्यांच्या आधी आले होते.