सव्वापाच मतांचा हिशेब

श्रोतेहो, नमस्कार.

गेली बरीच वर्षं मी जिल्ह्याच्या गावी वकिली करतो. ग्रामपंचायतीची जी प्रकरणं माझ्याकडे येतात, त्यातली कितीतरी एकाच कागदापासून सुरू होतात. तो कागद म्हणजे सरपंचाला पदावरून काढण्यासाठी तहसीलदारांना दिलेली अविश्वास ठरावाची नोटीस. कारणं वाचायला घेतली की बहुतेक वेळा तीच वाक्यं समोर येतात. सदस्यांना विश्वासात घेत नाहीत. मनमानी कारभार करतात. विकासकामांत अडथळा आणतात. गाव बदलतं, तालुका बदलतो, मजकूर तोच.

एक प्रकरण माझ्या मनातून जात नाही. सदस्यांमधून सरपंच निवडला जायचा तेव्हाची ही गोष्ट. सात सदस्यांची ग्रामपंचायत, सरपंचपद महिलेसाठी राखीव. विशेष सभा झाली, पाच मतं ठरावाच्या बाजूने पडली, दोन विरोधात. ठराव मंजूर झाल्याची नोंद झाली. पंचायतीच्या पायरीवर गुलाल उधळला गेला, फटाके वाजले. त्या ताई दुसऱ्या दिवशी भावाला घेऊन माझ्याकडे आल्या, तेव्हा त्यांच्या पिशवीत सभेच्या इतिवृत्ताची नक्कल होती. मी आकडे पाहिले आणि कागद त्यांच्यापुढे सरकवला. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम १९५८ चं कलम ३५ सांगतं, की राखीव पदावरच्या महिला सरपंचाला काढायचं तर एकूण पात्र सदस्यांच्या तीन चतुर्थांशांपेक्षा कमी मतं चालणार नाहीत. सातचे तीन चतुर्थांश म्हणजे सव्वापाच. समोरची मंडळी म्हणत होती, "पाव माणूस कुठून आणायचा? पाच पुरे." पण पाच हे सव्वापाचांपेक्षा कमीच. सहावं मत हवं होतं, आणि ते नव्हतं.

असा ठराव वादग्रस्त वाटला तर सरपंचाला किंवा उपसरपंचाला सात दिवसांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांकडे दाद मागावी लागते. सात दिवस, श्रोतेहो. रडण्यात, नातेवाईकांना विचारण्यात, पुढाऱ्याच्या दारी बसण्यात हे दिवस निघून जातात आणि चांगलं प्रकरण हातातून जातं. जिल्हाधिकाऱ्यांनंतर विभागीय आयुक्तांकडे अपील आणि तिथंही जमलं नाही तर उच्च न्यायालय.

आता या भांडणांत न्यायालय नेमकं काय पाहतं, याबद्दल गावोगाव मोठा गैरसमज आहे. लोक पुराव्यांचे गठ्ठे घेऊन येतात: गटाराचं काम झालंच नाही, बिल मात्र निघालं वगैरे. अविश्वासाच्या ठरावात ते सिद्ध करावं लागत नाही. गुजरातमधल्या एका नगरपालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७४ सालीच सांगितलं, की निंदाव्यंजक ठरावाला, म्हणजे नुसता ठपका ठेवणाऱ्या ठरावाला, कारण लागतं, अविश्वासाला लागत नाही. सदस्यांचा विश्वास उडाला, एवढं पुरेसं आहे. म्हणून सगळी लढाई रीतीवर येऊन ठेपते. नोटिशीवर कायद्याला लागतात तेवढ्या सदस्यांच्या सह्या आहेत का? नोटीस मिळाल्यापासून सात दिवसांच्या आत तहसीलदारांनी सभा बोलावली का? ज्याच्यावर ठराव आहे त्याला बोलू दिलं का? त्याला बोलायचा हक्क आहे आणि मत द्यायचाही. अध्यक्षस्थानी तहसीलदार असतात, पण त्यांना मत नसतं.

आणि सभेची नोटीस पोचली का, हा तर वादाचा कायमचा विषय. ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होत नाही, पॅनलवर होते. त्यामुळे पॅनल फुटू नये म्हणून सदस्यांना सहलीला नेतात. घराला कुलूप असतं आणि नोटीस दारावर चिकटवून पंचनामा होतो. पंच म्हणून सही करणारा नेमका विरोधी पॅनलचा निघाला, की पुढे त्या एका सहीवरून तास न् तास युक्तिवाद चालतो.

याला 'तांत्रिक मुद्दे' म्हणून हिणवतात, ते मला पटत नाही. जळगाव जिल्ह्यातल्या एका महिला सरपंचाचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. ते अपात्रतेचं होतं, अविश्वासाचं नव्हे. २०२४ मध्ये न्यायालयाने त्यांना पद परत दिलं आणि एक बाई आपल्या वतीने निर्णय घेणार हे गावातल्या काहींना पचलं नाही, असं स्पष्ट नोंदवलं. तीन चतुर्थांशांची अट कशासाठी आहे ते यावरून कळतं. ती सैल केली, तर राखीव जागेवरची बाई वर्षभरही टिकायची नाही.

थेट जनतेतून सरपंच निवडणं २०१७ साली आलं, २०२० मध्ये गेलं, २०२२ मध्ये पुन्हा आलं. थेट निवडून आलेल्या सरपंचावर सदस्यांनी तीन चतुर्थांश मतांनी ठराव केला तरी तो तिथं संपत नाही. जिल्हाधिकाऱ्यांनी नेमलेल्या अधिकाऱ्यासमोर विशेष ग्रामसभा होते आणि गावाला गुप्त मतदानाने तो ठराव कायम करावा लागतो. निवडणुकीनंतर पहिली दोन वर्षं असा ठराव आणताच येत नाही. तेव्हा अशा ग्रामसभेची दवंडी झाली, तर त्या दिवशी शेतातलं काम थोडं मागे ठेवा आणि जा. लाखभर लोकांच्या मतदारसंघात तुमचं एक मत जितकं तोलतं, त्याच्या कितीतरी पट तिथं तोलतं.

ताईंचं पुढे काय झालं, ते सांगतो. ठराव मंजूर धरला गेल्यामुळे अधिकार उपसरपंचाकडे गेले होते. पण वित्त आयोगाचे पैसे सरपंच आणि ग्रामसेवक (आताचे ग्रामपंचायत अधिकारी) यांच्या डिजिटल सहीने निघतात, आणि नवी सही नोंदवून होईपर्यंत खातं गप्पच बसतं. पाण्याच्या मोटारीच्या दुरुस्तीचं बिल तसंच पडून राहिलं आणि वायरमनने हात वर केले. निकाल ताईंच्या बाजूने लागला. मी फोन केला, तर आनंदाचा एक शब्दही न बोलता त्या म्हणाल्या, "वकीलसाहेब, आदेशाची नक्कल आजच्या आज मिळेल का? मोटार बंद पडून बावीस दिवस झालेत."

नक्कल दुसऱ्या दिवशी दुपारी मिळाली. मोटार त्याच आठवड्यात सुरू झाली.

नमस्कार.