“ओळखलंत का मला?” जास्मिन ब्लायची गोष्ट

नमस्कार मंडळी!

७ जून १९४६, लंडन. जवळजवळ सात वर्षं बंद पडलेला बीबीसीचा टीव्ही पुन्हा सुरू होतो. पडद्यावर एक बाई येते आणि विचारते, “कसे आहात सगळे? मी जास्मिन ब्लाय. ओळखलंत का मला?”

हा प्रश्न तिला का विचारावा लागला, ते आज सांगतो.

१९३६ साली बीबीसी टीव्ही सुरू करणार होती आणि त्यासाठी निवेदिका हव्या होत्या. अटी काय? आवाज गोड हवा, स्मरणशक्ती पक्की हवी, लग्न झालेलं नको आणि केस लाल नकोत! हजारावर अर्ज आले. त्यांतून दोघी निवडल्या गेल्या: एलिझाबेथ कॉवेल आणि आपली जास्मिन. जास्मिन नाटकात कामं करायची, वय तेवीस. सोबतीला लेस्ली मिचेल हे निवेदक.

२ नोव्हेंबरला लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेस या इमारतीतून रोजचं प्रक्षेपण सुरू झालं. दुपारी एक तास, रात्री एक तास, रविवारी सुट्टी. सुरुवातीला चित्रं टिपून पाठवणाऱ्या दोन यंत्रणा आलटून पालटून चालायच्या, मार्कोनी-ईएमआय या कंपनीची आणि टीव्हीचे संशोधक जॉन लोगी बेअर्ड यांची.

बेअर्ड यांच्या निवेदनाच्या खोलीत नुसतं उभं राहून बघा. मिट्ट काळोख. समोरून प्रकाशाचा एक बारीक किरण निवेदिकेच्या चेहऱ्यावरून सरसर फिरतोय, डोळ्यांपुढे सतत लुकलुक. तरी चेहरा प्रसन्न ठेवायचा, आणि सगळं तोंडपाठ बोलायचं, कारण समोर मजकूर दाखवणारं यंत्र तेव्हा नव्हतंच. चुकलात तर चुकलात, सगळं थेट! माझ्या मते ही नाटकापेक्षाही अवघड परीक्षा होती. नाटकात निदान समोर माणसं तरी दिसतात. बेअर्डची यंत्रणा १९३७च्या सुरुवातीलाच मागे पडली, ते बरंच झालं.

मग आला १ सप्टेंबर १९३९. जर्मनीने पोलंडवर हल्ला केला, आणि त्याच दिवशी दुपारी मिकी माउसचं एक कार्टून दाखवून टीव्ही बंद झाला. त्याच्या लहरींचा माग काढत शत्रूची विमानं येतील ही भीती होती, शिवाय टीव्हीचे इंजिनीअर रडारच्या कामासाठी हवे होते. तीन वर्षंसुद्धा पुरी झाली नव्हती, आणि जास्मिनचं काम त्या दुपारी संपलं.

आता मला सगळ्यात जास्त चटका लावणारी गोष्ट. थेट कार्यक्रम जपून ठेवायची सोयच तेव्हा नव्हती. त्या काळातल्या काही फिल्म उरल्यात, पण तिची रोजची निवेदनं, ते हसणं, सगळं त्या-त्या संध्याकाळीच विरून गेलं. ती उरली फक्त लंडनच्या आसपासच्या वीसेक हजार घरांतल्या लोकांच्या आठवणीत. आणि मधे अख्खं महायुद्ध होऊन गेलेलं.

म्हणून तो प्रश्न. तिने विचारलं, टीव्हीवर तेच मिकी माउसचं कार्टून पुन्हा लागलं, आणि थोड्याच काळात जास्मिनने बीबीसी सोडली.